पाणी शिंपडलं ना?

वेलचेरीतल्या त्या घरात आम्ही वरच्या मजल्यावर भाड्यानं राहायला आलो, त्याच्या दुसऱ्याच दिवशी मी खाली भांडायला गेले होते. बँकेनं बदली करून चेन्नईला पाठवलं म्हणून माझं डोकं आधीच फिरलेलं, त्यात वाळत घातलेल्या साड्यांना धुराचा वास. मागच्या अंगणात पत्र्याखाली विटांची मोठी चूल होती आणि तिच्यापुढं लुगड्याचा काचा मारलेली एक किरकोळ बाई फुंकणी घेऊन बसली होती. मी हिंदीत तोंड उघडलं. ती वळून म्हणाली, "मराठींत बोल की. जेवलीस काय?" मी जेवून वर आले, आणि साड्या तेव्हापासून पुढच्या गच्चीत वाळत घालायला लागले.

त्या सुगुणामामी. आणि ही गोष्ट ज्यांची आहे ते त्यांचे यजमान, शेषाद्रीमामा. तंजावरकडची माणसं. यांच्या घरात मराठी बोलायला लागून कैक पिढ्या झाल्या, पण महाराष्ट्र दोघांनीही पाहिलेला नव्हता. जाऊलालों, करूलालों अशी त्यांची क्रियापदं, सगळं म्हणायला अस्कं, हवं म्हणायला होणा, आणि वर तमिळचा हेल. माझी मराठी ऐकून मामा हसायचे, म्हणायचे की ही पोर छापील बोलते.

मामांचा धंदा श्राद्धाच्या स्वयंपाकाचा. लग्नमुंजीचे आचारी चेन्नईत हजार मिळतील, पण तिथीचा स्वयंपाक सगळं सोवळं पाळून, मिरची टाळून मिऱ्यावर, लाकडाच्या चुलीवर करून घरपोच देणारे फार थोडे उरले होते. जुन्या कर्मठ घरांतून मामांना बोलावणं यायचं. गोरेपान, पोट सुटलेले, तोंडात सदा कुणाची तरी चेष्टा. पातेली उतरवणं, वडे तळणं, वाढणं त्यांच्याकडे. चूल मात्र मामींची. "मी नुसता हमाल," असं ते आल्यागेल्याला सांगायचे आणि मामींच्या चेहऱ्याकडे बघायचे. त्या हसल्या की यांचा दिवस चांगला जायचा. साठी उलटलेल्या माणसानं बायकोकडे असं बघावं, याची मला तेव्हा गंमत वाटायची. खरं सांगायचं तर हेवा वाटायचा.

मामींची चूल पेटवायची एक रीत होती. ती त्यांना सासूनं शिकवली. श्राद्धाच्या दिवशी पहाटे आंघोळ करून, सोवळं नेसून त्या चुलीपाशी यायच्या आणि काडी ओढायच्या आधी तांब्यातलं पाणी ओंजळीत घेऊन एकेका लाकडावर शिंपडायच्या. लाकूड बाजारातून येतं, कुणाकुणाच्या हातातून येतं. पाणी शिंपडलं की ते शुद्ध झालं. आदल्या दिवशीचं शिंपडलेलं चालत नाही, सोवळ्यातच शिंपडायला हवं. सगळ्या लाकडांवर शिंपडायचं, एकही सुटता कामा नये. सुटलेल्या लाकडावर शिजलेलं पितरांना पोचत नाही, असं सासूनं सांगितलेलं. मोठ्या ओंडक्यांना त्या पाण्याचं काहीच वाटायचं नाही. दोन मिनिटांत सुकून ते पेटायचे.

गॅसचं नाव मामींनी काढू दिलं नाही, ते याच पायी. मी एकदा बँकेतल्या हुशारीनं त्यांना पटवायला गेले, तर त्यांनी शांतपणे विचारलं की गॅसवर पाणी कुठं शिंपडायचं ते दाखव. मामा मागं उभं राहून पोट धरून हसत होते.

मग मामींना खोकला सुरू झाला. आधी सगळ्यांनी तो हवेवर ढकलला, मग पंख्यावर, मग वयावर. त्यांची मुलगी हरिप्रिया शोळिंगनल्लूरला एका सॉफ्टवेअर कंपनीत होती, ती एका शनिवारी आली आणि आईला उचलून दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरांनी छातीचा फोटो बघून विचारलं, किती सिगारेटी ओढता? मामींनी आयुष्यात सुपारीसुद्धा खाल्ली नव्हती. चुलीनं त्यांची फुप्फुसं खाल्ली होती. डॉक्टरांनी बजावलं, धुराजवळ जायचं नाही, अगदी एक दिवससुद्धा नाही. हरिप्रियानं त्यांना तिथूनच आपल्या फ्लॅटवर नेलं. आईची पिशवी भरायला ती एकटीच परत आली.

मामींची काय दशा झाली होती ते मी जाऊन पाहिलं. नवव्या मजल्यावरचा फ्लॅट, गुळगुळीत फरशी, इंडक्शनची काळी काच. मुलगी आणि जावई दिवसभर लॅपटॉपपुढं. मामी बाल्कनीत खुर्ची टाकून खालच्या मोठ्या रस्त्याकडे बघत बसलेल्या. मला म्हणाल्या, "इथं अस्कं आहे. मज काम नाहीं."

इकडे मामांनी एक बाई मदतीला घेतली आणि स्वतः चुलीपुढं बसायला लागले. पहाटे फोन यायचा. मामा फोन उघड्या पातेल्यापाशी धरायचे आणि मामी नुसत्या आवाजावरून सांगायच्या की आता विस्तव मागं ओढा, भात लागेल. धूर कसा आहे, पांढरा की निळा, तेही विचारायच्या. आणि सगळ्यात आधी विचारायच्या, पाणी शिंपडलं ना? मामा म्हणायचे, हो. तेव्हा ते खरंच शिंपडत होते.

माघात मामांच्या आईची तिथी असायची. लग्न होऊन आल्यापासून त्या दिवसाचा स्वयंपाक मामींनी कधी चुकवला नव्हता. हरिप्रियाच्या वेळी दिवस भरत आलेले असतानाही त्या चुलीपुढं बसल्या होत्या म्हणे. त्या वर्षी त्यांनी मामांना फोनवर सांगितलं की आईंच्या तिथीला मी चुलीपाशी असणार, मला काहीही होवो. हरिप्रिया म्हणाली, मुळीच नाही. मायलेकींचं बोलणं बंद झालं. मामींनी जेवण अर्ध्यावर आणलं. मामा दोघींच्या मध्ये सापडले. शेवटी ते मुलीला म्हणाले की धूर नसलेली चूल केली तर आणशील का तिला? मुलगी म्हणाली, करून दाखवा.

तेव्हापासून मामांना दुसरं काही सुचेना. कुठल्याशा भोजनालयात त्यांनी लाकडाच्या भुशाच्या कांड्यांवर चालणारी शेगडी पाहिली होती. करवतीचा भुसा दाबून बोटाच्या पेराएवढ्या कांड्या केलेल्या असतात, त्यांना पेलेट म्हणतात. खालून पंख्यानं हवा दिली की त्या निळसर जाळानं जळतात आणि धूर जवळजवळ होतच नाही. मामांना त्यातली मेख लगेच कळली. हे लाकूडच आहे. गॅस नव्हे. म्हणजे तिला चालेल.

नवी शेगडी त्यांना नको होती. चूल तीच हवी, मामींच्या सासूनं पूजलेली, फक्त आतून बदललेली. अंबत्तूरचा नारायणस्वामी म्हणून एक फिटर होता, त्याला त्यांनी अक्षरशः धरून आणला. त्यानं चुलीतली जाळी काढून तिथं भोकंभोकं असलेली पोलादी टोपली बसवली. मागच्या भिंतीतून एक नळी खाली नेली, तिला छोटा पंखा आणि पंख्याचा वेग कमीजास्त करायला एक बटण. चुलीच्या बाजूला पत्र्याची पेटी, तीत पेलेट भरायचे, म्हणजे ते उतरत्या पन्हाळीतून आपोआप टोपलीत घसरत येतात. लाकडं सारायचं तोंड त्यानं विटांनी बुजवलं. ते बुजवताना मामा बाहेर जाऊन उभे राहिले.

पहिले काही दिवस सगळा सावळागोंधळ. कधी पेलेट पन्हाळीतच अडकायचे, कधी पंखा इतका जोरात की राख उडून खिरीत. मामा कपाळाला हात लावून बसायचे आणि पुन्हा उठायचे. हवा किती द्यायची हे हाताला समजेपर्यंत त्यांनी रोज नुसतं पाणी उकळलं. मग एक दिवस त्यांनी मला खाली हाक मारली. चुलीवर मोठं पातेलं खदखदत होतं आणि वर पत्र्याखाली काहीच नव्हतं. स्वच्छ हवा. मामांनी माझा पांढरा नॅपकिन मागून घेतला, चुलीवर धरला आणि मला परत दिला. त्याला वासदेखील लागला नव्हता. मामांचे डोळे मात्र भरले होते, आणि त्या दिवशी तिथं धूर नव्हता म्हणून त्यांना बहाणाही करता आला नाही.

नारायणस्वामीनं जाताना एकच गोष्ट पुन्हा पुन्हा बजावली होती. यांना पाणी लागू द्यायचं नाही. ओले झाले की हे फुगतात, फुटतात, त्यांचा परत भुसा होतो. मग टोपलीची भोकं बुजतात आणि नुसता धूर कोंडतो. पावसात वेलचेरीत पाणी शिरतं म्हणून मामांनी पोती फळीवर उंच ठेवली. पाण्याचा हंडासुद्धा चुलीपासून लांब हलवला.

दुसऱ्या दिवशी एका घरचं श्राद्ध होतं. पहाटे फोन आला, तेव्हा मी तिथंच दूध घ्यायला उभी होते. मामी पलीकडून विचारत होत्या, पाणी शिंपडलं ना?

मामांनी माझ्याकडे बघितलं. मग म्हणाले, "होय. शिंपडलों."

फोन ठेवल्यावर मी म्हटलं, मामा, हे काय? ते म्हणाले, फोनवर सांगितलं तर ती येणारच नाही. मग ती तिथं बाल्कनीत बसून मरेल. इथं येऊ दे, ही हवा बघू दे, हे जळताना बघू दे, मग समोर बसवून सांगतो. त्यांचं म्हणणं मला पटलं होतं. तिथून पुढे दर श्राद्धाला फोन आला, तोच प्रश्न आला आणि मामा होय म्हणत गेले.

तिथीच्या आदल्या दिवशी हरिप्रियानं आईला आणून सोडलं. तिनं स्वतः चूल पेटवून बघितली, पत्र्याखाली उभी राहून दोन वेळा छातीभर श्वास घेतला आणि बापाला मिठी मारली. मामी चुलीभोवती फिरल्या. बुजवलेल्या तोंडावरून हात फिरवला, पंख्याचं बटण फिरवून बघितलं, हसल्या. म्हणाल्या की म्हातारीला नवे दात बसवले. मग पेटीत हात घालून त्यांनी मूठभर पेलेट बाहेर काढले, नाकाशी नेले, म्हणाल्या, लाकूडच आहे.

तेव्हाच सांगायचं होतं. मामा नंतर मला कितीदा म्हणाले, तेव्हाच. पण मुलगी हसत होती, बायको हसत होती, आणि त्या माणसानं त्या हसण्यासाठी एवढा आटापिटा केला होता. त्यांनी ठरवलं की पेटी आपणच संध्याकाळी काठोकाठ भरून ठेवायची. सकाळी तिला फक्त पेटवून बटण फिरवायचं राहील. विषयच निघणार नाही. आईची तिथी पार पडली की दुपारी सांगू.

मामींच्या दृष्टीनं आदल्या दिवशी भरलेलं म्हणजे पारोसं, हे त्या माणसाच्या लक्षात कसं आलं नाही? चाळीस वर्षं तिच्या शेजारी बसून? मला त्यांचा राग आला होता, अजून येतो, आणि मग त्यांचा तो चेहरा आठवतो.

पहाटे मामा आंघोळीला गेले. मामी आधीच न्हाऊन, सोवळं नेसून चुलीपाशी आल्या होत्या. त्यांनी दुधाचं पातेलं चुलीवर चढवलं. मग तांब्या घेतला. लाकूड असतं तर एकेका ओंडक्यावर हात गेला असता. इथं पेटीभर बारीक कांड्या. एकही सुटता कामा नये. त्यांनी ओंजळीमागून ओंजळ पाणी घातलं आणि एका हातानं ढवळलं, तांदूळ धुताना ढवळतो तसं, तळापर्यंत. पेटीची भिंत नंतर मी पाहिली, पार वरपर्यंत ओल्या भुशाचा थर चिकटला होता.

टोपलीतले आदल्या दिवशीचे कोरडे पेलेट आधी छान पेटले. मग पेटीतले ओले खाली यायला लागले. मला जाग आली ती खोकल्यानं नव्हे, वासानं. तोच जुना वास, पण दाट, घशाला धरणारा. मी जिना उतरून मागं गेले तर पत्र्याखाली काही दिसत नव्हतं. पंखा धूर ढकलत होता आणि त्यात मामी वाकून सळईनं टोपली उकरत होत्या. त्यांना बाहेर यायला कुणी अडवलं नव्हतं. पण दूध चढलं होतं, तिथीचा स्वयंपाक अर्ध्यावर सोडून उठायचं नसतं. मला दारात बघताच त्यांनी हात वर करून मला थांबवलं. बोलायला श्वास नव्हता. नुसता तो हात, की तू पारोशी आहेस, आत येऊ नकोस.

मी आत गेले. त्यांच्या काखेत हात घालून त्यांना अंगणात ओढून आणलं. त्यांचे ओठ निळे पडले होते. तशातही त्या माझ्याकडे रागानं बघत म्हणाल्या, "शिवलीस. आतां अस्कं पुन्हा करायला होणा."

मामा ओल्या पंच्यानं धावत आले. त्यांनी आधी बायकोकडे बघितलं, मग पेटीत हात घातला, आणि तो हात बाहेर काढून तसाच धरून उभे राहिले. बोटांना ओला भुसा लागला होता. मी ओरडले तेव्हा ते हलले.

आईंची तिथी त्या वर्षी झाली नाही. मामींना इस्पितळात ठेवलं, तोंडावर ऑक्सिजनचा मास्क. हरिप्रिया बापाशी एक अक्षर बोलत नव्हती. पाणी कुणी घातलं, का घातलं, तिला काही माहीत नव्हतं. तिच्या लेखी बापानं फसलेल्या चुलीपुढं आईला नेऊन बसवलं होतं. मामांनीही तिला काही सांगितलं नाही.

मी रोज बँकेतून सुटल्यावर जायचे. एका संध्याकाळी मामींना थोडं बरं वाटत होतं. त्यांनी मास्क बाजूला केला आणि मामांना म्हणाल्या, "माझा हात गेला हो. चूल पेटवायलाही येईना मज. तुम्ही इतके दिवस पेटवलांत, तुम्हांला धूर झाला नाहीं. मीच चुकलें."

मी पलंगाच्या पलीकडे उभी होते आणि मनात म्हणत होते, सांगा, मामा, आता तरी सांगा. त्यांनी तिचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. पण सांगायचं कसं? हात चुकला नाही म्हणायचं, तर पाणी शिंपडलं नव्हतं हेही सांगायला लागणार. म्हणजे इतके दिवस जी जी श्राद्धं घातली, त्यांतलं एकही जेवण पोचलं नाही, आणि ते तुझ्या नवऱ्यानं जाणूनबुजून केलं, हे ऐकून तिनं जायचं. मामा तिचा हात चोळत राहिले. शेवटी एवढंच म्हणाले की विश्रांती घे.

तीन-चार दिवसांनी मामी गेल्या. आपला हात गेला, आपल्याला चूल पेटवता येत नाही, असं समजून गेल्या. साऱ्या जन्मात ज्या एका गोष्टीचा त्या बाईला अभिमान होता, ती गमावून गेल्या. मी त्या दिवशी घरी येऊन स्वयंपाकघरात बसून रडले. माझी आई गेली तेव्हाही मी इतकी रडले नव्हते.

त्यानंतर मामांनी ऑर्डरी घेणं बंद केलं. पत्र्याखालची जागा तशीच पडून राहिली. चेष्टा गेली, पोट उतरलं. समोर दिसले की विचारायचे, जेवलीस काय, आणि उत्तराची वाट न बघता आत जायचे. हरिप्रिया दर महिन्याला आईच्या तिथीला यायची, बाहेरून मागवलेलं जेवण पानात वाढायची आणि जायची. बापलेकीचं बोलणं कामापुरतं.

वर्षश्राद्धाला मात्र मामांनी सांगितलं की स्वयंपाक मी करणार. हरिप्रियानं विरोध केला नाही. आदल्या दिवशी त्यांनी चूल झाडली, टोपलीची भोकं तारेनं एकेक मोकळी केली, फळीवरचं पोतं उतरवलं. पेलेट कोरडे खडखडीत होते.

पहाटे मी आंघोळ करूनच खाली गेले. आत शिरले नाही, उंबऱ्याबाहेर थांबले. हरिप्रियाही माझ्या मागं येऊन उभी राहिली. मामा सोवळं नेसून चुलीपुढं बसले होते. त्यांनी सगळा स्वयंपाक कोरड्या पेलेटवर करून बाजूला झाकून ठेवला होता. वडे, सार, भात, सगळं. हवा स्वच्छ होती. फक्त खिरीचं दूध राहिलं होतं.

ते पातेलं त्यांनी चुलीवर चढवलं. मग तांब्या पुढं ओढला आणि ओंजळीत पाणी घेऊन पेटीत घातलं. मग आणखी एक ओंजळ. मग दुसरा हात आत घालून ढवळायला लागले, तळापर्यंत, एकही सुटू नये म्हणून.

"अप्पा, काय करूलालांत?" हरिप्रिया म्हणाली. पेलेट ओले झाले की काय होतं, ते तिला माहीत नव्हतं. मामांनी मान वळवली नाही. त्यांनी पंख्याचं बटण फिरवलं.

थोड्या वेळानं जाळ दबला आणि धूर यायला लागला. पांढरा, दाट. तो पत्र्याला लागून खाली उतरला आणि मामांच्या डोक्यावर, खांद्यांवर बसला. ते हलले नाहीत. खोकत राहिले, डोळ्यांतून पाणी वाहत राहिलं. मी आत जायला पाऊल उचललं, तर त्यांनी हात वर केला. अगदी तसाच. याही वेळी मी ऐकलं नसतं, पण हरिप्रियानं माझा दंड धरला होता. ती पेटीकडे बघत होती, पेटीतून ओघळणाऱ्या ओल्या भुशाकडे, आणि मग बापाकडे. तिला सगळं समजत चाललं होतं.

धुरात मामा चुलीपलीकडच्या रिकाम्या जागेकडे, जिथं मामींचा पाट असायचा तिकडे तोंड करून बोलत होते.

"बघ," ते म्हणाले. "मज पण धूर झाला. तुझा हात चुकला नव्हता, अगो. यांच्यावर मी कधीं शिंपडलोंच नाहीं."